गाडी न येणारे स्टेशन

आमच्या घरात रेल्वेचे बोलणे लहानपणापासून. आजोबा जी.आय.पी. रेल्वेत गँगमन होते. वडील दौंड-मनमाड मार्गावरच्या एका लहान स्टेशनातून पोर्टर म्हणून निवृत्त झाले. आम्ही बी.कॉम. करून कारकुनीच्या खुर्चीत बसलो खरे, पण गावोगावी मंडळाच्या कामासाठी फिरताना गाडी चुकली तर आम्हाला कधी वाईट वाटत नाही. स्टेशनात बसून राहणे आम्हाला आवडते. तेव्हा २०२४ च्या जुलै महिन्यात अक्काला आणायला अमेरिकेत डेट्रॉइट शहरी जाणे झाले आणि भाच्याने विचारले, "मामा, इथे काय बघायचं तुम्हाला?" तेव्हा आमच्या तोंडून निघाले, "स्टेशन दाखव."

भाचा हसला. म्हणाला, "स्टेशन आहे, पण तिथे गाडी येत नाही."

भाचा मोटारींच्या कारखान्यात इंजिनिअर आहे. सुनेचे बाळंतपण होते म्हणून अक्का सहा महिने तिथे राहिली होती. परतीचा एकटीचा प्रवास तिला झेपणार नाही, म्हणून आम्ही रजा टाकून गेलो, एवढेच या परदेशवारीचे निमित्त. एका शुक्रवारी दुपारी भाचा आम्हा दोघांना गाडीत घालून मिशिगन सेंट्रल स्टेशनला घेऊन गेला.

शहराचा मुख्य भाग मागे पडला, बैठी घरे सुरू झाली, आणि एकदम समोर एक इमारत उभी राहिली. आजूबाजूला तिच्या खांद्याला लागेल असे काही नाही. पुढे एक मोठी हिरवी बाग, बागेच्या टोकाला तीन प्रचंड कमानींच्या खिडक्या असलेला दगडी दर्शनी भाग आणि त्याच्या पाठीशी अठरा मजल्यांचा मनोरा. अक्का म्हणाली, "हे स्टेशन की कोर्ट?" तिचा प्रश्न अगदीच चुकीचा नव्हता. पुढचा भाग स्टेशनचा, आणि मागचा मनोरा रेल्वे कंपनीच्या कचेऱ्यांसाठी बांधलेला. कंपनीने एवढे मजले चढवले, पण वरचे काही मजले शेवटपर्यंत पूर्ण झालेच नाहीत. कारकून म्हणून आम्हाला याची गंमत वाटली. साहेबांनी खुर्च्या जास्त मागवल्या आणि माणसे आलीच नाहीत, असा प्रकार!

ही इमारत वॉरन अँड वेटमोर आणि रीड अँड स्टेम या दोन वास्तुविशारद कंपन्यांनी मिळून उभारली. न्यूयॉर्कचे प्रसिद्ध ग्रँड सेंट्रल टर्मिनल याच दोघांचे. ते फेब्रुवारी १९१३ मध्ये सुरू झाले आणि त्याच वर्षीच्या जुलैत बाबासाहेब कोलंबिया विद्यापीठात शिकायला न्यूयॉर्कला उतरले. डेट्रॉइटचे हे स्टेशन त्याच वर्षाच्या शेवटी, २६ डिसेंबर १९१३ ला सुरू झाले. तेही ठरल्या मुहूर्तावर नव्हे. त्या दिवशी जुन्या स्टेशनाला आग लागली आणि नव्या इमारतीचे काम पुरते संपलेले नसतानाच त्याच संध्याकाळी तिथून गाड्या सोडाव्या लागल्या. समारंभ नंतर, ४ जानेवारी १९१४ ला झाला.

आता आतले वर्णन करू. दारातून आत गेलो की माणूस मुख्य प्रतीक्षालयात येतो. प्राचीन रोममध्ये सार्वजनिक स्नानगृहांची जी विशाल दालने असत, त्यांच्या धर्तीवर हे दालन बांधले आहे. छत सुमारे ५४ फूट उंच, म्हणजे आपल्याकडच्या पाच मजली चाळीएवढी पोकळी डोक्यावर. छताला आडवी तुळई नाही, खालून टेकू नाही, नुसत्या कमानी. हे कसे उभे राहिले, याची हकीगत ऐकण्यासारखी आहे. स्पेनमधून अमेरिकेत आलेल्या ग्वास्ताविनो नावाच्या बाप-लेकांनी एक जुनी पद्धत तिकडे नेली. पातळ भाजक्या फरशा, त्या झटकन घट्ट होणाऱ्या चुन्या-सिमेंटात एकावर एक थर देऊन, सांधे चुकवत लावत जायचे. फरशी हाताने धरून ठेवावी तोवर ती जागेवर बसलेली असते. असे थर झाले की कमान स्वतःचे वजन स्वतःच पेलते. या एका छताला सुमारे २९,००० फरशा आहेत. गवंडीकाम करणारे आपले बांधव हे वाचतील तर त्यांना कळेल की त्यात किती हातांचा अंदाज लागला असेल.

त्या हातांची एक खूणही सापडली आहे. २०२१ मध्ये दुरुस्ती चालू असताना कामगारांना भिंतीच्या वरच्या अंगाला, छताच्या नक्षीपाशी, बिअरची एक जुनी बाटली मिळाली. बाटलीत चिठ्ठी. डॅन होगन आणि जॉर्ज स्मिथ या दोघांनी हे छत लावले, जुलै १९१३, अशा अर्थाचा मजकूर पेन्सिलीने लिहिलेला. वास्तुविशारदांची नावे पुस्तकांत छापून आली होती. या दोघांनी आपली नावे १०८ वर्षे बाटलीत घालून ठेवली. आम्हाला सगळ्या इमारतीत ही गोष्ट सर्वांत मोलाची वाटली.

प्रतीक्षालयाच्या पलीकडे मोठा सज्जा असावा तसे दुसरे दालन आहे, त्यावर काचेचे छत. तिकीट काढून इथून प्रवासी गाड्यांकडे जात. फलाट इमारतीच्या मागे उंचावर होते. बाजूच्या लांब दालनात दुकाने, न्हाव्याचे दुकान, खानावळ होती. बायकांना बसायला वेगळी वाचनाची खोली, पुरुषांना विड्या ओढायची वेगळी खोली. भरभराटीच्या काळात दिवसाला २०० च्या आसपास गाड्या इथून सुटत आणि वरच्या कचेऱ्यांत ३,००० माणसे काम करीत.

एक चूक मात्र पहिल्यापासून होती. स्टेशन शहराच्या मध्यावर न बांधता मैल-दीड मैल बाजूला बांधले. कारण १९१० मध्ये नदीखालून पलीकडच्या कॅनडात जाणारा रेल्वेचा बोगदा सुरू झाला होता, त्याच्या तोंडाशी स्टेशन हवे होते. लोक ट्रामने येतील, हळूहळू शहरच स्टेशनापर्यंत सरकेल, असा हिशेब. शहर सरकले नाही आणि पुढे ट्रामगाड्याही बंद झाल्या. मोटारी उभ्या करायला पुरेशी जागाही नव्हती. मोटारींच्या राजधानीत मोटार उभी करायला जागा नसलेले स्टेशन!

इथे हेन्री फोर्ड यांचे नाव येते. स्टेशनाचा समारंभ ४ जानेवारी १९१४ ला झाला आणि दुसऱ्याच दिवशी, ५ जानेवारीला, फोर्ड यांनी आपल्या कारखान्यात आठ तासांच्या दिवसाला पाच डॉलर मजुरी जाहीर केली. आधीच्या मजुरीच्या ती दुपटीहून जास्त होती. बातमी पसरताच हजारो माणसे कडाक्याच्या थंडीत हायलंड पार्कच्या कारखान्याच्या दाराशी लोटली. गर्दी आवरेना, तेव्हा त्यांच्यावर थंड पाण्याचे फवारे सोडले गेले. पाच डॉलरची गोष्ट सगळे सांगतात, पाण्याची सांगत नाहीत.

त्यानंतर काही वर्षांत अमेरिकेच्या दक्षिण भागातून कृष्णवर्णीयांचे लोंढे या शहरात आले. डेट्रॉइटमध्ये १९१० साली त्यांची संख्या साधारण ५,७०० होती. १९२० मध्ये ती ४०,००० च्या वर गेली आणि १९३० मध्ये १,२०,००० झाली. मुष्टियोद्धा जो लुई बारा वर्षांचा असताना १९२६ मध्ये अलाबामातून कुटुंबासह आला. पुढे या शहराचे पहिले कृष्णवर्णीय महापौर झालेले कोलमन यंग यांचे कुटुंब १९२३ मध्ये आले. शहरात तेव्हा आणखीही स्टेशने होती, पण मिशिगन सेंट्रलच्या या छताखाली पहिले पाऊल ठेवणारे हजारो होते.

ते कसे आले असतील? दक्षिणेत कायद्याने त्यांचे डबे वेगळे होते. १८९६ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने प्लेसी खटल्यात वेगळे डबे घटनेला धरून आहेत, असा निकाल दिला होता. हा वेगळा डबा बहुधा इंजिनाच्या लगेच मागे असे. धूर, काजळी, ठिणग्या त्यांच्या वाट्याला. प्रतीक्षालये वेगळी, पाण्याचे नळ वेगळे. ओहायो नदी ओलांडून उत्तरेत आले की मग कुठल्याही डब्यात बसता येई. मिशिगन राज्यात तर १८८५ पासून सार्वजनिक जागी भेदभाव करायला कायद्याने बंदी होती. म्हणजे या स्टेशनात 'फक्त गोऱ्यांसाठी' अशी पाटी नव्हती.

कायदा एक आणि वागणूक एक, हे आपल्याला कोणी शिकवायला नको. आम्ही दालनात फिरत होतो, तेव्हा एक कृष्णवर्णीय आजी नातवाचा हात धरून छताकडे बघत उभ्या होत्या. वय ऐंशीच्या घरात. अक्काला इंग्रजी येत नाही, पण आज्यांना आज्यांची भाषा कळते. अक्काने आपल्या नातवाचा मोबाईलमधला फोटो दाखवला आणि बोलणे सुरू झाले. भाचा दुभाषी झाला.

आजींचे वडील तरुणपणी जॉर्जियातून एकटे आले होते. या दालनात उतरले. त्यांना नेणारा नातेवाईक उशिरा येणार होता. समोर लांबच लांब बाके रिकामी होती. त्यांना बसायचे होते, पण बसले नाहीत. कोणीतरी येऊन उठवेल, असे वाटत होते. कोणी उठवले नाही, कोणी काही बोललेही नाही. तरी ते पेटी पायाशी ठेवून भिंतीला टेकून उभेच राहिले, तासाहून जास्त. पुढे त्यांनी कारखान्याच्या भट्टीखात्यात तीस वर्षे काढली आणि म्हातारपणी ही गोष्ट ते हसत सांगत. "माझा बाप मूर्ख होता," आजी म्हणाल्या आणि त्यांनी डोळे पुसले.

भाच्याने हे मराठीत सांगितले, तेव्हा अक्का आमच्याकडे बघायला लागली. आमच्या वडिलांनी चौतीस वर्षे स्टेशनात नोकरी केली. प्रतीक्षालयातली बाके त्यांनी रोज पुसली. त्या बाकावर बसलेले आम्ही त्यांना कधी पाहिले नाही. निवृत्तीच्या दिवशी हार घालून फोटो काढायचा होता, तेव्हा 'अण्णा, बसा की' म्हटले तर 'उभ्यानेच काढ' म्हणाले. बसायला कोणाची बंदी होती? कोणाचीच नव्हती.

मसूर स्टेशनाची गोष्ट आपल्या घराघरांत सांगितली जाते. १९०१ साली साताऱ्याहून निघालेली चार मुले फलाटावर उतरली, चांगले कपडे घातलेली मुले पाहून स्टेशनमास्तर आस्थेने विचारपूस करायला आला आणि जात कळताच पाच पावले मागे सरकला. ते स्टेशन आजही चालू आहे, गाड्या थांबतात. इथे गाडी थांबत नाही, पण भिंतींना टेकून उभी राहिलेली माणसे आम्हाला दिसायला लागली.

आता 'पोर्टर' या शब्दाविषयी थोडे सांगितले पाहिजे, कारण तो आमच्या घरातला शब्द आहे. अमेरिकेत रात्रीच्या प्रवासाचे झोपायचे डबे पुलमन नावाच्या कंपनीचे असत. त्या डब्यांतले पोर्टर जवळजवळ सगळे कृष्णवर्णीय. बिछाने घालणे, सामान उचलणे, रात्री प्रवासी झोपले की त्यांचे बूट पुसून ठेवणे हे त्यांचे काम. महिन्याला ४०० तास काम आणि पगार इतका कमी की बक्षिसीवर घर चाले. कंपनीचा मालक जॉर्ज पुलमन, म्हणून प्रवासी प्रत्येक पोर्टरला 'जॉर्ज' म्हणत. मालकाच्या नावाने गुलामाला हाक मारायची जुनी रीत ती! माणसाचे स्वतःचे नाव काय, हे कोणी विचारत नसे.

१९२५ मध्ये न्यूयॉर्कच्या हार्लेम भागात ए. फिलिप रँडॉल्फ यांनी या पोर्टरांची संघटना उभी केली. कंपनीने माणसे कामावरून काढली, हेर ठेवले. बारा वर्षे लढा चालला आणि ऑगस्ट १९३७ मध्ये कंपनीला करार करावा लागला. महिन्याचे तास ४०० वरून २४० वर आले. हेच रँडॉल्फ १९६३ च्या वॉशिंग्टन मोर्चाचे म्होरके. या पोर्टरांनी आणखी एक काम केले. शिकागोतून निघणारे 'शिकागो डिफेंडर' हे कृष्णवर्णीयांचे वर्तमानपत्र ते गाडीतून लपवून दक्षिणेत नेत आणि गावोगावी पोहोचवत. उत्तरेत काम आहे, या, हे लोकांना त्यातून कळे. आपली साप्ताहिके पिशवीत घालून एस.टी.ने वाडीवस्तीवर नेणाऱ्या कार्यकर्त्यांना याचे मोल वेगळे सांगायला नको.

आणि आपल्याकडे? करार झाल्याला सहा महिने होत नाहीत तोच, १२ आणि १३ फेब्रुवारी १९३८ ला मनमाडला जी.आय.पी. रेल्वेतल्या अस्पृश्य कामगारांची परिषद बाबासाहेबांच्या अध्यक्षतेखाली भरली. ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही हे दोन शत्रू त्यांनी तिथेच सांगितले. त्या भाषणात त्यांनी आणखी एक गोष्ट मांडली. रेल्वेत आपला माणूस गँगमन म्हणूनच जन्म काढतो. त्याला पोर्टरसुद्धा होता येत नाही, कारण स्टेशनमास्तर पोर्टरला घरगडी म्हणूनही वापरतो आणि अस्पृश्य माणूस त्याच्या घरात चालत नाही. आजोबा त्या परिषदेला चालत गेले होते, असे आजी सांगत असे. तिकडे कृष्णवर्णीय माणसाला पोर्टरशिवाय दुसरे काही होऊ देत नव्हते, इकडे आपल्याला पोर्टरही होऊ देत नव्हते. वडिलांना पोर्टरची ऑर्डर मिळाली, तेव्हा आजोबांनी वाडीत पेढे का वाटले, हे आम्हाला डेट्रॉइटला उभे राहून नीट कळले.

असो. स्टेशनची पुढची गोष्ट लवकर संपते. दुसऱ्या महायुद्धात सैनिकांची गर्दी झाली, ती शेवटची. पुढे मोटारी आल्या, विमाने आली. १९५६ मध्ये कंपनीने पन्नास लाख डॉलरला इमारत विकायला काढली, घ्यायला कोणी आले नाही. जानेवारी १९८८ मध्ये शेवटची गाडी गेली. त्यानंतर तीस वर्षे ओसाड. तांबे, संगमरवर, दिवे, जे निघेल ते लोकांनी काढून नेले. खिडक्या फुटल्या, तळघरात पाणी भरले. शहरच खचत होते. १९५० मध्ये साडेअठरा लाख वस्ती होती, २०२० मध्ये सहा लाख चाळीस हजारांच्याही आत. २०१३ मध्ये डेट्रॉइट महापालिकेने दिवाळे जाहीर केले. जगभरातून छायाचित्रकार या पडक्या इमारतीचे फोटो काढायला येत आणि भिंतीपलीकडे राहणाऱ्या माणसांचे न काढता परत जात. २००९ मध्ये नगर परिषदेने इमारत पाडण्याचा ठरावही केला होता, पण ती वाचली.

२०१८ मध्ये फोर्ड कंपनीने ती विकत घेतली. तळघरातून ३५ लाख गॅलन पाणी उपसले. मूळ दगडाशी मिळता दगड हवा म्हणून इंडियाना राज्यातली तीस वर्षे बंद पडलेली खाण पुन्हा उघडली. छताच्या फरशांपैकी तेराशेच्या आसपासच बदलाव्या लागल्या, बाकीच्या होगन-स्मिथच्या काळापासून आहेत तिथेच आहेत. फोर्डने इमारत घेतल्याची बातमी आल्यावर कोणीतरी स्टेशनचे पळवलेले जुने घड्याळ कापडात गुंडाळून एका ओसाड इमारतीपाशी ठेवले आणि निरोप दिला की ते परत न्या. ६ जून २०२४ ला इमारत लोकांसाठी उघडली. ओसाड काळात पोरांनी भिंतींवर रंगवलेल्या अक्षरांचा काही भाग मुद्दाम तसाच ठेवला आहे. हे आम्हाला फार आवडले. वाईट दिवसही इतिहासातच धरले पाहिजेत.

आता तिथे कंपनीच्या कचेऱ्या येत आहेत, मुलांना संगणक शिकवायची सोय होत आहे. आसपासची घरभाडी वाढतील, अशी भीती आजींच्या नातवाने बोलून दाखवली. त्याचे म्हणणे आम्हाला खोटे वाटले नाही. मुंबईच्या गिरण्यांच्या जमिनींवर काय उभे राहिले, ते आपण पाहिले आहे.

निघताना अक्का प्रतीक्षालयातल्या बाकावर बसली. आजींनाही तिने हाताला धरून शेजारी बसवले. दोघींचा फोटो भाच्याने काढला.

चार दिवसांनी आम्ही शिकागोहून विमान पकडायला निघालो. शिकागोची गाडी आता वुडवर्ड रस्त्यावरच्या एका साध्या, बैठ्या स्टेशनातून सुटते. आमच्या वडिलांच्या स्टेशनाहून ते फार मोठे नाही. गाडी हलली आणि तिकीट तपासायला गणवेशातली एक कृष्णवर्णीय बाई आली. तिने तिकिटावरचे आमचे आडनाव पाहिले, अडखळली आणि ते कसे म्हणायचे, असे विचारले. आम्ही सांगितले. तिने दोनदा म्हणून पाहिले. तिसऱ्यांदा बरोबर म्हटले आणि तिकीट परत दिले.